द्राक्षवेलीसाठी रणगाड्याला आडवा गेलेला म्हातारा

सर्गो झाकारियाद्झे हे नाव आपल्याकडे फार थोड्यांना ठाऊक असेल. १९७० सालचा ‘वॉटर्लू’ ज्यांनी पाहिलाय, त्यांना प्रशियाचा पांढऱ्या मिशांचा सेनापती ब्ल्यूखर आठवेल. तो यांनीच रंगवला. पण हा माणूस खरा भेटतो तो १९६४ च्या ‘सैनिकाचा बाप’ या जॉर्जियन चित्रपटात. दिग्दर्शक रेझो चखेइद्झे.

काखेती हा जॉर्जियाचा द्राक्षांचा मुलूख. तिथला गिओर्गी नावाचा म्हातारा शेतकरी, दुसऱ्या महायुद्धात जखमी झालेल्या मुलाला भेटायला इस्पितळाकडे निघतो. पोचतो तोवर मुलगा पुन्हा आघाडीवर गेलेला. मग हाही त्याच्या मागोमाग सैन्यातच शिरतो. वय झालेलं, रशियन मोडकंतोडकं, देह आडदांड. गणवेश अंगावर चढला तरी चाल बांधावरून फिरणाऱ्या माणसाचीच राहते. झाकारियाद्झे तेव्हा पंचावन्न वर्षांचे होते. रंगभूमीवर मुरलेला नट, पण इथे आवाजाची फेक नाही की आविर्भाव नाही.

सैन्य जर्मनीत शिरतं आणि गिओर्गीला द्राक्षमळा दिसतो. परक्या, शत्रूच्या भूमीतला. तो वेलींना हात लावतो, त्यांच्याशी बोलतो. एवढ्यात आपलाच एक रणगाडा मळ्यात घुसतो आणि म्हातारा सरळ त्याच्या आडवा जातो. आतल्या तरण्या पोरावर हातही उचलतो. वेल कुणी लावली, कोणत्या देशात लावली, हा प्रश्न त्याच्या मनाला शिवतच नाही. वेल मोठी करायला किती वर्षं जातात हे त्याला ठाऊक आहे आणि त्या पोराला नाही, एवढंच. या प्रसंगात झाकारियाद्झेंचे हात पाहावेत. त्या बोटांना वेलीची सवय आहे, हे सांगावं लागत नाही.

शेवटी बर्लिनच्या एका इमारतीत, वरच्या मजल्यावरून मुलाचा आवाज येतो. बाप खालून हाका मारतो, मधे जर्मन सैनिक. तो वर पोचतो आणि मुलगा त्याच्याच कुशीत प्राण सोडतो. लोक या दृश्याला रडतात, मीही रडलो. तरी मला वाटतं, नट म्हणून त्यांची उंची त्या मळ्यातच कळते. शोक अनेकांना साधतो. शत्रूच्या शेताविषयीचं प्रेम एका शब्दाच्याही उपदेशाशिवाय पटवणं फार अवघड.

१९६५ च्या मॉस्को महोत्सवात त्यांना उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. १९७१ मध्ये ते गेले. काखेतीत गुर्जानी इथे या सैनिकाच्या बापाचा भव्य पुतळा आहे, त्याला चेहरा त्यांचाच.

आपल्या फिल्म सोसायट्यांनी सोव्हिएत सिनेमा मनापासून दाखवला, पण बहुतेक मॉस्को-लेनिनग्राडचा. एखाद्या रविवारी तिबिलिसीचा हा दीड तासाचा कृष्णधवल चित्रपटही लावावा. घरात शेती असलेल्यांना आवर्जून बोलवावं.