संहितेची ताबेदारी

जे कोणी कधी पाहिलेलेच नाही ते चितारण्यास निरीक्षणाचे प्रयोजन काय, असा समज बाळगून या धंद्यात उमेदवारी करावयास आलेल्या तरुणांना मी प्रथम वटवाघळाचा सांगाडा आणि घारीचा पंख रेखाटावयास बसवितो. कारण उडत्या सर्पाचा पंख खांद्यास नेमका कोठे सांधलेला आहे हे चित्रकारास ठाऊक नसेल, तर तो सर्प कागदावरून तसूभरही वर उचलला जात नाही, आणि शरीरशास्त्राचे अक्षरही न शिकलेल्या वाचकाला त्यातली लबाडी तत्काळ जाणवते. अमेरिकेच्या मायकेल व्हेलन यांनी विद्यार्थिदशेत जीवशास्त्राचाही अभ्यास केला होता, हे अ‍ॅन मॅकॅफ्री यांच्या ‘द व्हाइट ड्रॅगन’ या १९७८ च्या कादंबरीचे त्यांनी केलेले मुखपृष्ठ पाहताना निराळे सांगावे लागत नाही.

पुस्तकाचा चित्रकार हा संहितेचा ताबेदार. नायकाची कांती लेखकाने पांढरीफटक लिहिली असेल (मायकेल मूरकॉक यांच्या एलरिकची ती तशी आहेच), तर ती गव्हाळ करण्याची मुखत्यारी चित्रकारास नाही. कोणी ती घेतलीच, तर पानाचा दाखला देऊन जाब विचारणारे वाचक सर्वत्र आढळतात. शिवाय वरचा भाग शीर्षकासाठी आणि लेखकाच्या नावासाठी मोकळा सोडावयाचा. या जातीच्या चित्रांत आकाश इतके विस्तीर्ण का असते, याचे उत्तर पुष्कळदा एवढेच.

ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनाची गोष्ट निराळी. बारा इंचांची चौरस भूमी, आणि मागे पात्र नाही, प्रसंग नाही, तपशिलाचे फर्मान नाही, केवळ नाद. इंग्लंडच्या रॉजर डीन यांनी ‘येस’ या वाद्यवृंदाच्या ‘फ्रॅजाइल’साठी १९७१ साली एक इवलीशी पृथ्वी आणि तिच्यावर तरंगणारे लाकडी जहाज काढले, पुढच्याच वर्षी ‘क्लोज टु द एज’च्या दर्शनी बाजूस हिरव्या रंगाच्या छटा आणि अक्षरे यांखेरीज काहीच ठेवले नाही, आणि घडी उलगडल्यावर आत मात्र काठांवरून कोसळणाऱ्या पाण्याचा अख्खा प्रदेश मांडला. लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये डीन शिकले ते फर्निचरची रचना. त्यामुळेच की काय, त्यांचे अधांतरी खडकही आपला भार कोठेतरी तोलून धरल्यासारखे वाटतात.

हे स्वातंत्र्य हेवा करण्याजोगे खरे, तरी मला विचाराल तर ताबेदारीच बरी, कारण जे चित्र एका संगीतास शोभते ते बहुधा दुसऱ्यासही शोभते. व्हेलन यांनी लव्हक्राफ्टच्या भयकथांच्या पुस्तकांसाठी काढलेल्या चित्रावर ब्राझीलच्या ‘सेपल्टुरा’ या वाद्यवृंदाची नजर होती, त्याच्या वाट्यास १९८९ साली व्हेलन यांचेच दुसरे चित्र आले, आणि ते पहिले पुढच्या वर्षी फ्लॉरिडाच्या ‘ऑबिच्युअरी’च्या ‘कॉज ऑफ डेथ’वर चढले. आज दोन्ही चित्रे आपापल्या संगीतासाठीच जन्मली, असे रसिक शपथेवर सांगतील.

म्हणून ध्वनिमुद्रिकेचे काम आले की मी आधी गीतांचा कागद मागवितो. गीते नसतील तर वादकांपैकी कोणास तरी समोर बसवून एक कथा रचून घेतो, तिच्यातला ऋतू, वाऱ्याची दिशा आणि नदीपलीकडच्या गावाची वस्ती ठरवितो, आणि मगच पेन्सिल हाती धरतो. ती कथा कोठेही छापली जात नाही. वादकांना हा खटाटोप गमतीचा वाटतो, आणि त्यासाठी मेहनताना कोणी वाढवून देत नाही.