हुल्लु आणि हल्लु

मराठी ही माझी मातृभाषा आणि पोटापाण्याचीही भाषा. एम.ए.ला मी तीच घेतली होती. तरी तिच्याविषयी माझी एक बारीकशी तक्रार आहे. उसाच्या फडातून बाणासारखा सुटणारा काळ्या मानेचा रानससा आणि पिंजऱ्यातला पाळीव ससा या दोघांना तिने एकाच शब्दात कोंबले. प्राणी दोन आहेत. रानसशाची पिले अंगावर केस आणि उघडे डोळे घेऊन जन्मतात. पाळीव सशाची पिले उघडी आणि आंधळी. पाळीव सशाचे मूळ घराणे युरोपातले. आमच्या सीमाभागात कानडी माणूसही दोघांना 'मोल'च म्हणतो, तेव्हा तक्रार एकट्या मराठीवर ठेवण्यात अर्थ नाही. शिवाय एका बाबतीत दोघे सख्खे भाऊ शोभतात. दोघांचेही दात जन्मभर वाढत राहतात. या वाढीचे गणित मला पन्नाशीनंतर शिकावे लागले.

धाकटी लेक धारवाडला शिकायला गेली आणि वसतिगृहात सशाला जागा नाही म्हणून २०२१ च्या दिवाळीत तिने तो आमच्या पदरात टाकला. लोंबते कान, चपटे तोंड, आकाराने वीतभर. नाव कापशा. सौ.चे पहिले उद्गार असे : "शाळेत एवढी पोरं सांभाळता, ती कमी पडली वाटतं?" महिन्याभरात तो तिच्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर झोपू लागला आणि पोळी लाटताना ती त्याच्याशी बोलू लागली. माझ्याशी त्या वेळी ती बोलत नाही.

फेब्रुवारीत तिनेच पहिल्यांदा सांगितले, "अहो, हा खायला धावतो आणि घास टाकून देतो. हनुवटी बघा, ओली आहे." खरोखरच हनुवटीखालचे केस चिकटून त्यांच्या वाती झाल्या होत्या. एका डोळ्यातून पाणी येत होते. वाण्याकडच्या काट्यावर नेऊन तोलला, तर चौदाशे ग्रॅमचा ससा अकराशेवर आला होता. आवाज नाही, कण्हणे नाही. कुत्रे निदान कुंई कुंई तरी करते. ससा दुखणे लपवतो, कारण रानात आजारी दिसणाऱ्याला कोणी तरी आधी उचलते.

आमच्या बाजूचे पशुवैद्य मोठे अनुभवी. बैलाचा जबडा उघडून आदत की दोन दाती, सहा दाती की जुळलेला, हे ते चालता चालता सांगतात. कापशाचे ओठ त्यांनी बाजूला केले आणि म्हणाले, "सर, गाईला वरचे पुढचे दात नसतातच, त्यामुळे असली भानगड आम्ही फारशी बघत नाही. पण हे सरळ नाही." त्यांनी बेळगावात लहान प्राणी बघणाऱ्या एका डॉक्टरीणबाईंचे नाव सांगितले. ससे विकणाऱ्या एका दुकानदाराने त्याआधी घरच्या नखे काढायच्या कटरने दात तोडायचा सल्ला दिला होता. बाईंनी तो ऐकून हातच जोडले. असा दात उभा चिरतो, चीर मुळापर्यंत जाते आणि तिथे पू होतो.

एक्स-रे काढून त्यांनी जे समजावले, ते नववीच्या वर्गाला शिकवावे इतके चांगले होते. सशाला एकूण २८ दात. पुढे सहा, मागे बावीस दाढा. पुढच्या सहांपैकी चार वरचे : दोन मोठे आणि त्यांच्या पाठीशी लपलेले दोन खुंट्यांएवढे. उंदराला हे मागचे दोन नसतात. ससा उंदीर-खारींच्या गणातला नव्हे याची ती एक खूण. १९१२ पर्यंत शास्त्रज्ञही त्याला त्याच गणात धरीत. पुढचा दात आठवड्याला दोन-तीन मिलिमीटर वाढतो, म्हणजे वर्षाला जवळजवळ आपल्या करंगळीहून लांब. वरचा दात खालच्यावर घासतो आणि दोघे एकमेकांना आवरून धरतात. दाढांचे काम गवत करते. गवतात वाळूसारखा कठीण अंश असतो, आणि ते दळताना जबडा आडवा, मिनिटाला शंभराहून अधिक वेळा फिरतो.

कापशाचा वरचा जबडा जन्मापासून आखूड. खालचे दात वरच्यांच्या पुढे निघून वर नाकाकडे चाललेले, वरचे आत वळून मेंढ्याच्या शिंगासारखे टाळ्याकडे. वरच्या दाताचे मूळ मागे दाबल्याने अश्रूंची नळी तुंबली होती, म्हणून डोळ्यातून पाणी. हे का झाले, तर माणसाला बाळासारखे गोल तोंड आवडते म्हणून. पिढ्यान् पिढ्या आखूड तोंडाचे ससे निवडून वाढवले. तोंड आखूड झाले, दातांची वाढ होती तेवढीच राहिली.

"तारा लावता येत नाहीत का?" मी विचारले. आमच्या शाळेत दरवर्षी दोन-तीन मुले दातांना तारा लावून येतात आणि महिनाभर तोंडावर हात धरून हसतात. बाई म्हणाल्या, "सर, तार लावलेला दात जागेवर राहिला तर ना! थोड्याच आठवड्यांत तारेसकट वर येईल."

घरी येताना मला आपल्या तर्कशास्त्रातले शशविषाण आठवले. मुळात नसलेल्या वस्तूचे ते ठरलेले उदाहरण : सशाचे शिंग. भर्तृहरीने नीतिशतकात ते वाळूतल्या तेलाच्या पंगतीला बसवले आणि वामनपंडितांनी मराठीत आणले. पण संस्कृतात विषाण म्हणजे नुसते शिंग नव्हे, हत्तीचा सुळाही. तो अर्थ घेतला तर शशविषाण माझ्या मांडीवर टॉवेलात गुंडाळलेले होते.

पहिले काही महिने दर तीन-चार आठवड्यांनी आम्ही जात होतो. बाई थोडी गुंगी देऊन फिरत्या यंत्राने दात घासून आखूड करीत. परतल्यावर दोन दिवस तो कोपऱ्यातून हलत नसे. दिवसभर खाल्ले नाही तर सशाचे आतडे मंदावते आणि जिवावर बेतते, म्हणून सौ. रात्री उठून पिचकारीने भिजवलेला चारा भरवी. वैद्यकीय सल्ल्याबाबत एक गोष्ट मुद्दाम लिहून ठेवतो : घरातल्या माणसाच्या गोळीचा तुकडा त्याला देऊ नये. पेनिसिलिनच्या कुळातले औषध सशाच्या पोटात गेले, तर आतड्यातले उपयोगाचे जंतू मरतात आणि मागोमाग ससाही.

दुसरा वाटा होता गवताचा. आमच्याकडे दूध घालणाऱ्या अक्का कानडी. दुधाला त्या हालु म्हणतात, गवताला हुल्लु आणि दाताला हल्लु. कापशाची हकीकत ऐकून त्या म्हणाल्या, "मास्तर, हुल्लु तिंद्र हल्लु छलो इरतावरी." गवत खाल्ले तर दात चांगले राहतात. पुढचे दात गवताने सरळ होणार नव्हते, ते जन्माचे वाकडे. पण दाढा वाचणार होत्या. नाहीतर खालच्या दाढांना जिभेच्या बाजूने आणि वरच्यांना गालाच्या बाजूने टोके फुटतात, आणि मग प्रत्येक घासाला जखम. त्या दिवसापासून अक्का दुधाबरोबर हरळीची पेंढी आणतात. गाजर मात्र चित्रातल्या सशाने खावे. ते गोड असते आणि दाताला काहीच काम देत नाही.

वर्षअखेरीला बाईंनी विचारले, पुढचे सहाही दात काढून टाकायचे का? भूल देण्यात धोका होता. ससा भुलीला नाजूक. शेजाऱ्यांनी सरळ हिशेब मांडला : एवढ्या पैशांत चार ससे येतील. हिशेब बरोबर होता. लेक फोनवर रडली आणि म्हणाली, "बाबा, तुम्ही ठरवा." मी दोन्ही बाजू मांडत बसलो, तशी सौ. म्हणाली, "महिन्याला एकदा त्याला मरणाची भीती दाखवायची, ती किती वर्षं? ससा आठ-दहा वर्षं जगतो म्हणतात." तिथे चर्चा संपली.

जानेवारी २०२३ मध्ये शस्त्रक्रिया झाली. आदल्या रात्री उपाशी ठेवायचे नसते, कारण सशाला ओकारीच होत नाही. सकाळीही तो खाऊन गेला. आम्ही बाहेर बाकावर दोन तास बसलो. मी परीक्षेचे पेपर नेले होते, एकही तपासला नाही. सौ.ने मांडीवर रिकामा टॉवेल घडी घालून ठेवला होता.

बारा दिवस पिचकारी चालली. तेराव्या दिवशी त्याने हरळीची काडी ओठांनी उचलली, जिभेने आत ओढली आणि दाढांकडे पोचवली. पुढचे दात नसताना ससा असे खाऊ शकतो, हे बाईंनी सांगितले होते. तरी आम्ही दोघे जमिनीवर बसून ती काडी संपेपर्यंत बघत राहिलो. पाला आता बोटाएवढ्या पट्ट्या कापून द्यावा लागतो. सहा महिन्यांनी वरचा एक दात पुन्हा डोकावला. मुळाचा कण राहिला तर असे होते. तोही काढला, त्यानंतर काही आलेले नाही. दाढा दर सहा महिन्यांनी दाखवून आणतो.

सध्या अडचण पावसाची आहे. बेळगावच्या पावसात गवत वाळत नाही, आणि बुरशी धरलेले त्याला चालत नाही. भाताचे पिंजर तो हुंगून सोडतो. म्हणून उन्हाळ्यात अक्कांकडून घेतलेल्या पेंढ्या माळ्यावर, माझ्या एम.ए.च्या पुस्तकांशेजारी रचल्या आहेत. रविवारी सौ. त्याला घरच्या काट्यावर ठेवते आणि आकडा कॅलेंडरवर दुधाच्या हिशेबाखाली लिहिते. गेल्या रविवारचा आकडा १४६० आहे.