स्टे लागला, पण शर्तीवर

२०१४च्या फेब्रुवारीत वकीलसाहेबांचा फोन आला. "हायकोर्टात कंपनीला स्टे मिळालाय." पुढचं ऐकायला मी थांबलोच नाही. फोन ठेवला आणि बायकोच्या खाणावळीच्या पायरीवर बसून राहिलो.

भोसरीतल्या एका कारखान्यात मी लेथवर होतो. जून २००४मध्ये कामावरून काढलं, तेव्हा पगार ४,२०० रुपये होता. पुण्याच्या कामगार न्यायालयात नऊ वर्षं तारखा झाल्या आणि जून २०१३मध्ये निकाल माझ्या बाजूने लागला: कामावर परत घ्या आणि मधला सगळा पगार द्या. १०८ महिन्यांचे ४,५३,६०० रुपये होत होते. बायकोने शेजाऱ्यांना पेढेही वाटले होते. त्या निकालाला स्थगिती मागायला कंपनी हायकोर्टात गेली होती.

संध्याकाळी वकीलसाहेबांच्या ऑफिसात गेलो. त्यांनी ऑर्डरची प्रत पुढ्यात ठेवली आणि म्हणाले, "स्टे हा एक शब्द वाचून घरी जाऊ नका. पुढचं वाक्य वाचा." पुढे लिहिलं होतं की कंपनीने निम्मी रक्कम, म्हणजे २,२६,८०० रुपये, आठ आठवड्यांत कामगार न्यायालयात जमा करायची. नाही केली तर स्टे आपोआप उठेल. जमा झाल्यावर त्यातली अर्धी रक्कम मला उचलता येईल, उरलेली राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत राहील.

घरी येऊन सांगितलं, तर बायको म्हणाली, "अहो, मग जिंकलं कोण?" मला उत्तर देता येईना. आठ आठवडे कॅलेंडरवर मोजून शेवटच्या दिवसाला लाल गोल केला. कंपनीने पैसे भरले ते बरोबर त्याच दिवशी.

माझ्या वाट्याचे १,१३,४०० रुपये उचलायला स्टँप पेपरवर हमीपत्र द्यावं लागलं. केस हरलो तर व्याजासह परत करीन, असं त्यात होतं. त्यावर सही करताना हात जड झाला. निम्मे पैसे तर उसनवारी फेडण्यातच जाणार होते. परत करायची वेळ आली असती तर कुठून आणणार होतो?

आमचा दुसरा अर्ज होता तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम १७-बीचा. कामावर घेण्याच्या निकालाविरुद्ध मालक वरच्या कोर्टात गेला, तर केस चालू असेपर्यंत कामगाराला अखेरचा पगार द्यायचा, असं हे कलम सांगत होतं. १९८२च्या दुरुस्तीने ते आलं आणि ऑगस्ट १९८४पासून लागू झालं. "हे पैसे हरलात तरी परत द्यायचे नाहीत," वकीलसाहेब म्हणाले. "पण अखेरचा पगार म्हणजे काढलं त्या दिवशीचा. देना बँकेच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने तसं ठरवलंय." म्हणजे २०१४च्या महागाईत २००४चे ४,२०० रुपये.

त्यासाठी कुठेही नोकरीला नाही, असं प्रतिज्ञापत्र लागायचं. मी अडखळलो. "साहेब, मी पहाटे दुधाच्या पिशव्या टाकतो. बायकोच्या खाणावळीतही हात लावतो." वाटलं, आता हेही गेलं. ते म्हणाले, "मग तसंच लिहू. महिन्याला किती सुटतात तेही लिहू."

ऑगस्टमध्ये हायकोर्टात या अर्जाची सुनावणी होती. चिंचवडहून सिंहगड एक्सप्रेस पकडली, सीएसटीला उतरून हुतात्मा चौकातून चालत कोर्ट गाठलं. दुपारी आमचा नंबर लागला. कंपनीच्या वकिलांनी माझे फोटो दाखल केले होते. सायकलवर दुधाचा क्रेट आणि मी. काढले कधी, मला पत्ताही नव्हता. आमचे वकील इतकंच म्हणाले, "हे आम्हीच लिहिलंय. प्रतिज्ञापत्राचं पान तीन." कामगार दुसरीकडे कामाला आहे आणि त्याला पुरेसा मोबदला मिळतो, हे मालकाने सिद्ध केलं तरच पगार नाकारता येत होता. दुधाचे चार पैसे कोर्टाने पुरेसे मानले नाहीत. याचिका दाखल झाल्यापासूनचे आठ महिन्यांचे ३३,६०० रुपये आणि पुढे दरमहा ४,२०० द्यायचा हुकूम झाला.

दूध मी टाकतच राहिलो. ४,२०० रुपयांत घर चालत नव्हतं, पण घरभाडं निघत होतं. एक-दोनदा पैसे थकले, तेव्हा वकिलांची नोटीस जाताच आले.

२०१८मध्ये याचिकेचा निकाल लागला. कामावर घ्यायचा हुकूम कायम राहिला, मागचा पगार मात्र निम्म्यावर आला, म्हणजे कोर्टात जमा होती तेवढ्याच रकमेवर. उरलेली ठेव मला व्याजासह मिळाली. हमीपत्राची वेळ आली नाही.

ज्यांच्या केसवर असा स्टे लागेल, त्यांना माझं एकच सांगणं आहे. ऑर्डरची प्रत स्वतः हातात घ्या, शर्त आणि मुदत वहीत उतरवून ठेवा, आणि काही छोटं-मोठं काम करत असाल तर प्रतिज्ञापत्रात तेही लिहा.