चाचा, दुआ काय मागता?

सराटीला नीरेच्या पाण्यात तुकोबांच्या पादुकांना स्नान घडतं आणि पालखी आमच्या अकलूजमध्ये येते. माने विद्यालयाच्या मैदानावर गोल रिंगण होतं. अश्व धावून गेला की लोक त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावतात. या पालखीचा पहिला विसावा असतो देहूच्या अनगडशहा बाबांच्या दर्ग्यापाशी. पहिली आरती तिथे होते आणि मगच वारी पुढे निघते. कुणाला त्याचं नवल वाटत नाही, इतकं ते अंगवळणी पडलं आहे.

तुकोबांचं बोट धरून वेगळ्याच वाटेने चालत गेलेला एक माणूस मला या दिवसांत हमखास आठवतो. थॉमस डाबरे, वसईजवळच्या भुईगावचे. ख्रिस्ती धर्मगुरू असून त्यांनी अभ्यासाला घेतला तो तुकारामांचा ईश्वरानुभव. त्यावरचा त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९८७ साली आला. पुढे ते वसई धर्मप्रांताचे पहिले बिशप झाले आणि २००९ ते २०२३ पुण्याचे. पुणे धर्मप्रांताच्या कक्षेत सोलापूर जिल्हाही येतो, म्हणजे एका अर्थी ते आमचेही बिशप होते. व्हॅटिकनच्या आंतरधर्मीय संवाद परिषदेचे ते सदस्य होते. रमजान-ईदच्या निमित्ताने जगभरातल्या मुसलमानांना शुभेच्छापत्र पाठवण्याची व्हॅटिकनची प्रथा १९६७ पासूनची. त्या पत्राचं काम ही परिषद पाहत असे.

त्याच १९६७ साली अल्जिरियात एक तरुण धर्मगुरू आपल्या जन्मगावी परतत होता. पिएर क्लाव्हेरी. अल्जियर्स शहरात १९३८ साली फ्रेंच घरात जन्मलेला. त्याचं सारं बालपण अरबांच्या देशात गेलं, पण अरब माणूस त्याला कधी भेटलाच नाही. रस्त्यात दिसायचा, बाजारात दिसायचा, तेवढंच. आपण एका बुडबुड्यात वाढलो, असं तो पुढे म्हणत असे. स्वातंत्र्ययुद्धाने तो बुडबुडा फुटला. १९६२ साली देश स्वतंत्र झाला आणि बहुतेक युरोपीय निघून गेले. हा मात्र परत आला, अरबी शिकला आणि इतकी चांगली शिकला की खुद्द अल्जिरियन लोक त्याच्या अभ्यासकेंद्रात अरबी शिकायला येऊ लागले.

१९८१ साली ते ओरानचे बिशप झाले. मूठभर ख्रिस्ती आणि भोवती सगळं मुसलमान शहर. चर्चच्या वास्तूंमधून त्यांनी वाचनालयं चालवली, स्त्रियांसाठी आणि अपंगांसाठी केंद्रं उघडली. नवल म्हणजे, धर्मपंडितांच्या संवाद-परिषदांवर त्यांचा फारसा विश्वास नव्हता. व्यासपीठावर दोन्हीकडचे लोक गोडगोड बोलतात आणि आपापल्या घरी जातात, हे त्यांना पुरत नसे. फरक झाकायचे नाहीत, मैत्री मात्र सोडायची नाही, ही त्यांची रीत. सत्य कुणा एकाच्या मालकीचं नसतं, म्हणून मला दुसऱ्याजवळच्या सत्याची गरज आहे, असं ते मानत.

नव्वदच्या दशकात तिथे यादवी पेटली. परदेशी माणसं, साधू-साध्वी, पत्रकार, इमाम मारले जाऊ लागले. क्लाव्हेरी गेले नाहीत. १ ऑगस्ट १९९६च्या रात्री त्यांच्या निवासाच्या दारातच बॉम्ब फुटला. त्यात ते गेले आणि त्यांची गाडी चालवणारा महंमद बुशिखी हा मुसलमान तरुणही गेला. धोका महंमदला ठाऊक होता. अंत्यविधीला मुसलमान मोठ्या संख्येने आले. हे आमचेही बिशप होते, असं ते म्हणाले. २०१८च्या डिसेंबरात क्लाव्हेरींना आणि त्या काळात मारल्या गेलेल्या आणखी अठरा जणांना चर्चने ‘धन्य’ घोषित केलं. तो सोहळा ओरानमध्येच झाला.

क्लाव्हेरींविषयी वाचताना माझ्या मनात अकलूजचाच विचार येतो. शेजाऱ्याची भाषा मिळवायला क्लाव्हेरींना अर्धं तारुण्य खर्चावं लागलं. आपल्याला ती आयती मिळाली आहे. सतराव्या शतकात तुकोबांनी जी मराठी वापरली, तिच्यातच फादर स्टीफन्सनी ख्रिस्तपुराण लिहिलं आणि श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी योगसंग्राम. अर्धं काम पूर्वजच करून गेले. आणि त्या भाषेत आपण एकमेकांशी बोलतो ते उसाच्या तोडीविषयी, धरणाच्या पाण्याविषयी आणि निवडणुकीविषयी.

एका आषाढात गल्लीतल्या शिंपीचाचांना मी विचारलं, “चाचा, दुआ काय मागता?”

मशीन थांबवून ते म्हणाले, “पावसाची. पाऊस झाला तर ऊस, ऊस गेला तर बिल, आन् बिल निघालं तर लोक कापडं शिवणार!” मग हसणं ओसरल्यावर हळू म्हणाले, “पन खरं सांगू? मागायचं संपल्यावरबी थोडं बसून ऱ्हातो. तेवढंच बरं वाटतं.” आणि सुई ओवता ओवता त्यांनी मलाच विचारलं, “तुमी काय मागता पांडुरंगाला?”

इतकी वर्षं वारी पाहूनही मला चटकन उत्तर सुचेना. हा प्रश्न माझ्या घरातल्या कुणी विचारलाच नसता. उत्तर ठाऊकच आहे, असं घरात धरून चाललेलं असतं. दुसऱ्याजवळच्या सत्याची गरज ती हीच असावी. तो विचारतो, तेव्हा आपला देव आपल्याला नव्याने शोधावा लागतो.