पावणेतीन मिनिटे

आमच्या मामाच्या घरी एक कॅसेट होती. तिच्या एका बाजूला आजीची गाणी होती. रोवण्याची, दळणाची, एकदोन लग्नातली. मामा चंद्रपुरात रेडिओ आणि टीव्ही दुरुस्त करीत असे, त्यामुळे घरात तीनचार टेपरेकॉर्डर नेहमीच उघडे पडलेले असत. एका पावसाळ्यात आजी सुपात तांदूळ निवडता निवडता गुणगुणत होती, तेव्हा मामाने तिच्या नकळत बटन दाबले. तिला कळले तेव्हा ती रागावली, लाजली, आणि दुसऱ्या दिवसापासून संध्याकाळी स्वतःच म्हणू लागली, "लाव रे बाबू, मले आयकू दे." आपलाच आवाज ऐकताना तिच्या तोंडावर जो भाव येई तो मी अजून विसरलेलो नाही. दुसऱ्याच कुणा बाईचे गाणे ऐकावे आणि ही आपल्याहून बरी गाते असे वाटावे, तसा काहीसा तो असे.

या कॅसेटवर आज मध्येच पावणेतीन मिनिटे एक कर्कश किंचाळी आहे. ती तिथे कशी आली ते मला सांगायचे आहे.

१९८९ सालच्या उन्हाळ्यात मी दहा वर्षांचा होतो आणि सुटीत मामाकडे आलो होतो. त्या वर्षी एका इंजिनियर साहेबांनी दुरुस्तीला टाकलेले एक यंत्र मामाच्या दुकानात राहून गेले होते. साहेबांची बदली झाली, निरोप आला की ठेवून घ्या. आणि मामाने ते घरी आणले. त्याचे नाव डीबी स्पेक्ट्रम. इंग्लंडातल्या क्लाइव्ह सिंक्लेअर यांनी एप्रिल १९८२ मध्ये जे स्पेक्ट्रम बाजारात आणले, त्याचाच हा आपल्याकडे परवान्याने निघालेला भाऊ. त्याच १९८२ च्या ऑगस्टमध्ये चंद्रपुरातून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. म्हणजे आमचा जिल्हा आणि ते यंत्र एकाच वर्षाची अपत्ये. दोघांनाही लोक काही वर्षे "हे काय टिकते" म्हणूनच पाहत होते.

यंत्र म्हणजे केवळ एक काळा कळफलक. पडदा नाही, साठवण नाही. पडदा म्हणून घरचा टीव्ही जोडायचा आणि साठवण म्हणून टेपरेकॉर्डर. आत झेड-८० जातीचा प्रोसेसर, सेकंदाला पस्तीस लाख ठोके देणारा. आणि स्मृती दोन प्रकारची: १६ केबी कायमची, ४८ केबी पुसली जाणारी. मामा मॅट्रिकही पास नव्हता, पण समजावून सांगण्याची त्याची हातोटी अशी होती की मास्तर झाल्यावर मी ती सरळ उचलली. तो म्हणाला, "हे सोळा म्हणजे शाळेच्या भिंतीवर रंगवलेला सुविचार. कुणी पुसू म्हटलं तरी पुसत नाही. हे अठ्ठेचाळीस म्हणजे तुझी पाटी. लिही, पूस, लिही. आणि लाइट गेली की पाटी कोरी."

एक केबी म्हणजे १०२४ अक्षरे. अठ्ठेचाळीस केबीत या अंकाची वीस-बावीस पाने मावावीत, तीही रोमन अक्षरांत. त्यातूनही पडद्यावरचे चित्र धरून ठेवायला ६९१२ घरे खर्ची पडत. त्या काळी हा त्रास सगळ्यांनाच होता. १९८४ पासून आपल्या देशातल्या काही शाळांत सरकारने बीबीसी मायक्रो नावाची यंत्रे दिली. त्यांची स्मृती ३२ केबी, आणि बारीक नक्षीचे चित्र हवे असेल तर त्यातली २० केबी चित्रच खाऊन टाकी. उरलेल्यात बुद्धी चालवायची. नुसत्या जाड अक्षरांवर भागवले तर मात्र एकाच केबीत पडदा उभा राही. आधी दिसणे की आधी विचार करणे, हे पोरांना प्रत्येक वेळी ठरवावे लागे. त्याआधीच्या, १९८१ च्या सिंक्लेअरच्या यंत्राला तर मूळची एकच केबी होती!

पुढे वाचनात आलेली आणखी एक गोष्ट मला फार आवडली. मूळच्या विलायती स्पेक्ट्रममध्ये स्मृतीच्या काही चकत्या अर्ध्या सदोष असत. कारखान्यात ६४ हजार बिटांच्या म्हणून केलेल्या, पण एक बाजू बिघडलेल्या. सिंक्लेअरने त्या स्वस्तात घेतल्या आणि चांगली तेवढी बाजू वापरली. सडका भाग सुरीने काढून उरलेला आंबा मुलांच्या हातावर ठेवणाऱ्या घरात मी वाढलो आहे. हा माणूस आमच्यातलाच, असे मला वाटले.

आता बाबांविषयी. बाबा उन्हाळ्यात धानोरा तालुक्यातल्या एका गावी तेंदूच्या फळीवर मुन्शी असत. ज्यांना हा प्रकार ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. मे महिन्यात पहाटे तीन-चारला बायामाणसे, पोरे, सारे घरच्या घर जंगलात जाते. तेंदूची कोवळी पाने खुडून आणायची, दुपारी घरी बसून सत्तर-सत्तर पानांचे पुडे बांधायचे आणि संध्याकाळी फळीवर नेऊन द्यायचे. एक हजार पुड्यांची एक गोणी धरतात. मुन्शी पुडे मोजतो, पान कमी भरले तर कुरकुरतो, वहीत आकडा मांडतो. शेकड्याचा भाव ठरलेला असतो. हंगाम जेमतेम अडीच-तीन आठवड्यांचा. पण त्या पैशावर पेरणीचे बियाणे, पोरीचे लुगडे, सावकाराचे व्याज असे सगळे अवलंबून असते. वहीतला एक आकडा इकडचा तिकडे झाला तर एका घराचे आठ दिवसांचे ऊन आणि काटे फुकट जातात.

त्या वर्षी बाबांच्या फळीवर १८० घरे होती आणि खुडणी १८ दिवस चालली. हंगाम संपताच बाबा वही घेऊन एसटीने चंद्रपूरला आले. तीन दिवसांत हिशेब पक्का करून ठेकेदाराच्या माणसापुढे ठेवायचा होता. मामाच्या अंगात तेव्हा यंत्राचे वारे शिरले होते. तो म्हणाला, "भाऊजी, तुम्ही पंख्याखाली झोपा. माझं मशीन करते."

बाबांचा विश्वास नव्हता, पण मेव्हण्याचे मन मोडवेना. मी वहीतले आकडे वाचून दाखवायचे आणि मामाने दोन बोटांनी ते आत घालायचे, असे दोन दिवस चालले. १८० गुणिले १८, म्हणजे ३२४० आकडे. यंत्र एकेका आकड्याला पाच घरे घेई, १६,२०० झाली. नावांना वीस-वीस अक्षरे धरली, ३६०० झाली. चंद्रपुरातला मे महिना, दुपारी पत्र्याचे छप्पर तडतडायचे, आणि यंत्र इतके तापायचे की मामाने त्याच्याखाली ओल्या फडक्याची ताटली ठेवली होती. वीज आणि पाणी शेजारी शेजारी! आज मी माझ्या विद्यार्थ्यांना असे करू दिले नसते.

नावे रोमनमध्येच लिहावी लागली. आपली अक्षरे त्या यंत्रात नव्हती. नवी अक्षरे काढण्यासाठी त्यात २१ जागा मोकळ्या असत, आठ बाय आठ टिंबांच्या. मामाने एका रात्रीत हौसेने 'क' ते 'न' काढले, आणि मग काने, वेलांट्या, रफार, जोडाक्षरे आठवून त्याने नाद सोडला. एकवीस जागांत बाराखडी बसवणे म्हणजे एसटीच्या एका बाकावर वरात बसवणे. रोमनमध्ये मात्र मूल गाव, झाडाचे मूळ आणि पाळण्यातले मूल सारी एकच होतात. तसेच त्या बायांचेही झाले. दोन बाया तर पार एकच झाल्या. मामाने एकीपुढे एक आणि दुसरीपुढे दोन असा आकडा घातला.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी बेरजा लागल्या. बाबा वही घेऊन टीव्हीपुढे बसले. १७९ घरांची बेरीज जुळली. एकीची जुळेना. वहीत दोनशे दहा पुडे कमी होते. बाबांनी तीनदा मोजले आणि मग टोपी काढून मांडीवर ठेवली. चूक त्यांची होती. ती बाई विधवा होती आणि पुडे मोजताना तिने कधी तोंड उघडले नव्हते.

तेवढ्यात वळवाचा वारा सुटला. दिवा मिचमिच करू लागला. बेरजा अजून कागदावर उतरवल्या नव्हत्या. सारे काही त्या पाटीवर होते. मामा ओरडला, "कॅसेट दे!" दुकानातल्या कॅसेटी दुकानात. घरच्या सेलवर चालणाऱ्या टेपमध्ये एकच होती आणि आजीने ती अर्धी ऐकून थांबवली होती. मामाने एक क्षण माझ्याकडे पाहिले. तो क्षण किती लांबीचा होता हे मी सांगू शकणार नाही. मग त्याने तार जोडली आणि रेकॉर्डचे बटन दाबले.

सेकंदाला दीड हजार बिटांच्या चालीने यंत्र आपल्या पोटातले टेपवर ओतू लागले. आधी कार्यक्रम, मग नावे, मग आकडे. प्रत्येक वेळी आधी एक लांब शिट्टी, मग खरखर. टीव्हीच्या कडेने पट्टे धावत होते. दिवा लालसर झाला, पुन्हा उजळला. आम्ही तिघे पट्ट्यांकडे नव्हे, दिव्याकडे पाहत होतो. शेवटची खरखर थांबली, पडद्यावर सगळे ठीक असल्याचा शब्द आला, आणि मामाने टेप बंद केल्यावर दोनचार सेकंदांतच वीज गेली.

अंधारात कुणी बोलले नाही. मग बाजेवरून आजी म्हणाली, "लाइट गेली तं गेली. टेप तं सेलवर चालते नं? माहे गाने लाव."

मामाने लावले. तिला नाही म्हणणे त्याला जमले नाही, किंवा कदाचित मशीनने नीट उतरवले की नाही ते त्यालाही ऐकायचे असेल. आजीचा आवाज आला, मग एक खट्ट, आणि मग ती किंचाळी. आजी उठून बसली. "हे काय वो माय! माह्या आवाजाले काय झालं?" मामाने जे सांगितले ते तिला किती कळले कोण जाणे. ती पुष्कळ वेळ गप्प होती. मग म्हणाली, "त्या बाईचे पैसे तं भेटतीन नं तिले?"

पैसे मिळाले. दुसऱ्या दिवशी वीज आल्यावर टेपवरून सारे परत आत चढले, बाबांनी बेरजा उतरवून घेतल्या आणि ते धानोऱ्याला गेले. मामाने आजीला पुष्कळदा विनवले, पुन्हा म्हण. ती एकदा बसलीही. पण समोर यंत्र ठेवून मुद्दाम गायला तिला येईना. दुसरीच काही गाणी म्हणाली, मध्येच थांबली. त्याच हिवाळ्यात ती गेली.

मी या प्रसंगाचा बरावाईट निवाडा आजवर करू शकलेलो नाही. वही तर शाबूतच होती. चुकीची जागाही कळली होती. फार तर दोन दिवसांची मेहनत गेली असती, आणि बाबांनी रात्रभर कंदिलाशी बसून बेरजा केल्या असत्या. असे एकदा वाटते. दुसऱ्यांदा वाटते की रात्रभर जागून केलेल्या बेरजांतच तर चूक होते.

मामा आता नाही. गेल्या दिवाळीत त्याच्या ट्रंकेत ही कॅसेट सापडली. माझ्या भाच्याने ती फोनमध्ये उतरवली. हल्ली त्या जुन्या यंत्रांचे सोंग घेणारी सॉफ्टवेअर फुकट मिळतात. टेपचा आवाज त्यांना ऐकवला की ती जुने सारे पुन्हा पडद्यावर मांडतात. भाच्याच्या फोनची स्मृती चार जीबी, म्हणजे मामाच्या यंत्राच्या सुमारे ८७,००० पट. आज 'गडचिरोली' एवढे एक नाव देवनागरीत लिहायला २४ घरे लागतात, मामाने एका बाईला दिली त्याहून चार जास्त, आणि ती मोजायला कुणी बसत नाही. मी मात्र एक हिशेब केला. टेलिफोनवर ऐकू येतो तितपत आवाज आकड्यांत साठवायचा तर सेकंदाला ८००० घरे लागतात. मामाच्या त्या ४८ केबीत आजी सारी मिळून सहा सेकंद मावली असती.

कार्यक्रम चढला. नावे चढली. आकड्यांच्या जागी मात्र 'टेप लोडिंग एरर' अशी पाटी आली. तिथे फीत चुरगळली असावी. पुन्हा पुन्हा करून पाहिले, उपयोग झाला नाही. तेव्हा मी १८० नावे बाबांना वाचून दाखवायला बसलो. बाबा आता एक्क्याऐंशी वर्षांचे आहेत. सकाळी गोळी घेतली की नाही हे त्यांना आठवत नाही. पण मी रोमनमधले नाव वाचले की ते ते सुधारीत. "तसं नाही, त्यात ळ आहे. नाल्यापलीकडचं घर." एक आणि दोन असे आकडे घातलेल्या बायाही त्यांनी वेगळ्या केल्या, एकीचा नवरा गुरे राखी, दुसरीचा पायाने अधू होता. त्या विधवेचे नाव आले तेव्हा माझे वाचून होण्याआधीच ते म्हणाले, "दोनशे दहा."

मग भाच्याने पुढची टेप लावली. किंचाळी संपते, खट्ट होते, आणि आजी शब्दाच्या मध्येच सुरू होते. "...नी" एवढेच ऐकू येते, पुढे ओळ सरकते. पानी असेल, रोवनी असेल, बहिनी असेल. बाबांना ते ठाऊक नव्हते; ती काही त्यांची आई नव्हे. आई स्वयंपाकघरात करंज्या तळत होती, ती झारा हातात घेऊनच दारात आली.

"अर्ध्या शब्दावरून मी कसं सांगू?" ती म्हणाली. "दोन गाण्यांत येते ते. पुन्हा लाव बरं."

आम्ही चारदा लावले. करंजी करपल्याचा वास आला तेव्हा ती आत गेली.