भोतरदन

गावाच्या नावाची थट्टा कोणालाच आवडत नाही. पण आमच्या घरात ती रोज चाले आणि तिचा पहिला मानकरी मी होतो. माझा धाकटा भाऊ 'क'च्या जागी 'त' आणि 'ग'च्या जागी 'द' म्हणे. काका म्हणजे ताता, केळणा नदी म्हणजे तेळणा आणि भोकरदन म्हणजे भोतरदन. पाहुणे आले की मी त्याला पुढे ओढी. "सांग रे, आपलं गाव कोणतं?" तो सांगे. पाहुणे हसत, मी हसे आणि आपण काही पराक्रम केला असे वाटून तोही हसे.

पहिलीत गुरुजींनी त्याला उभे करून 'कमळ' वाचायला लावले. पुन्हा लावले. वर्ग खिदळला. तेव्हा मात्र तो हसला नाही, आणि त्यानंतर फारसा बोललाही नाही. घरात उपाय चालूच होते. 'जीभ जड आहे' हे आजीचे निदान. ती मधात वेखंड उगाळून चाटवी. शेजारणीने पोपटाचा उष्टा पेरू आणून दिला. (पेरू गोड होता, एवढे खरे.) पोराला नीट ऐकू येते की नाही, हे कुणी पाहिले नाही.

ते १९७३ साल. त्या वर्षी नागपूर आणि मराठवाडा विद्यापीठांचे लोक आमच्या गावी उत्खनन करीत होते. आम्ही दोघे खड्ड्याच्या काठावर बसून खापरे निघताना पाहत असू. 'भोगवर्धन' हे गावाचे जुने नाव मी तिथेच ऐकले. सांचीच्या लेखांत इथल्या दात्यांची नोंद आहे म्हणतात. भोगवर्धनाचे भोकरदन होईपर्यंत 'व' गळाला, 'ग'चा 'क' झाला. किती पिढ्यांच्या जिभा वळल्या असतील! त्यांना कुणी वर्गात उभे केले नाही. पण हे सुचायला मला म्हातारा व्हावे लागले.

भावाला पुढे 'क' आपोआप साधला. अबोलपणा गेला नाही. अजूनही एस.टी.त तो कंडक्टरपुढे मोजके पैसे धरतो. गावाचे नाव मी सांगतो.

आता माझी पाच वर्षांची नात तसेच बोलते. मुलाने तिला छत्रपती संभाजीनगरला नेले. तिथे आधी कान तपासले. ते उत्तम निघाले. मग वाचा-उपचार करणाऱ्या बाईंनी समजावले, की जीभ जड वगैरे काही नाही. 'त'ला जिभेचे टोक दातांना लागते, 'क'ला जिभेचा मागचा भाग टाळूच्या मऊ भागाला भिडतो. पोर मागचे उच्चार पुढे करते, इतकेच. चौथ्या वर्षापर्यंत बहुतेक मुलांना ते साधतात. हिला थोडे शिकवावे लागेल. बोबडे बोलणे निराळे, तोतरेपणा निराळा आणि कान-बुद्धी ठीक असून शब्दांची जुळणीच न होणे तिसरे. आम्ही सगळे एकाच पोत्यात भरीत होतो. हे शिकवणारा वर्ग मुंबईच्या नायर रुग्णालयात केव्हाच निघाला होता. आमच्या आजीच्या वेखंडापर्यंत ती वार्ता आली नाही.

बाईंनी घरी करायला एक खेळ दिला: उताणे पडायचे, म्हणजे जीभ आपोआप मागे जाते, आणि मग 'क' म्हणायचे.

परवा दुपारी बाजारातून आलो, तर ओसरीवर नात उताणी पडलेली आणि शेजारी साठीला टेकलेला माझा भाऊही उताणा. दोघेही आढ्याकडे बघत होती.

"धातटे आबा," ती म्हणाली, "आपलं दाव तोणतं?"

मी पिशवी हातात धरूनच पायरीवर थांबलो.

"भोकरदन," तो म्हणाला. मग जरा मोठ्याने, "भो-क-रदन. आता तू म्हण."