नोरिकोच्या बाबांचं खोटं

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूच्या १९४९ सालच्या ‘लेट स्प्रिंग’ या चित्रपटात कुणीच वाईट नाही. त्यामुळे चिडायचं कुणावर, हेच कळत नाही. कामाकुरात राहणारे प्राध्यापक सोमिया विधुर. घर सगळं २७ वर्षांच्या नोरिकोच्या हातात, आणि ती त्यात सुखात आहे. तिच्या लग्नाची घाई आहे ती आत्याला. ही आत्या आपल्या चांगली ओळखीची: देवळाच्या आवारात पैशांचं पाकीट सापडतं, तर स्थळ जुळणार याचा शकुन म्हणून ते खुशाल ठेवून घेते आणि पोलीस दिसताच पाय उचलते.

बाबांसाठी श्रीमती मिवा ही बाई बघितली आहे, हे आत्याच नोरिकोच्या कानावर घालते. मग बापलेक नोह या पारंपरिक जपानी नाटकाला जातात. बाबा रंगून गेलेत. मध्येच ते समोर बसलेल्या मिवाबाईंना ओळख देतात. नोरिकोही वाकून नमस्कार करते. रंगमंचावर गाणं चालूच राहतं. ती एकदा बाबांकडे बघते, एकदा त्या बाईंकडे, आणि मान खाली घालते. एवढंच. संवाद एकही नाही, पण नोरिको झालेल्या सेत्सुको हाराच्या चेहऱ्यावरचं हसू तेवढ्यात पार विझलेलं असतं.

पुढे ती सरळ विचारते, तुम्ही लग्न करणार? बाबा मान डोलावतात. ते खोटं असतं. क्योतोच्या सहलीत ती, मला तुमच्याजवळच राहू द्या, म्हणून विनवते, तेव्हा बाबा सुख कसं घडवावं लागतं ते समजावतात. दाखला कसला देतात, तर तिची आई सुरुवातीला स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात रडत असे याचा! लग्नाला राजी करायला हा दाखला? बाबा झालेला चिशू र्‍यू इतक्या मायेनं बोलतो की आपणही माना डोलावतो. मी तरी प्रत्येक वेळी डोलावते, आणि मग स्वतःचाच राग येतो.

लग्न ओझू दाखवतच नाही, नवरामुलगाही नाही. गॅरी कूपरसारखा दिसतो म्हणे, तेवढ्यावर आपली बोळवण. बाबांनी जन्मातलं सगळ्यात मोठं खोटं बोलल्याचं कबूल केलं, तेही नोरिकोपाशी नाही, तिच्या मैत्रिणीपाशी.

ओझूनं स्वतः लग्न केलं नाही; आई असेपर्यंत तिच्याजवळच राहिला. ११ वर्षांनी ‘लेट ऑटम’मध्ये त्यानं याच हाराला विधवा आई केलं. मुलगी तिला सोडून जायला तयार नसते, आणि घोळ होतो तो पुन्हा पुनर्विवाहाच्या बातमीचाच. बाबांचं ते खोटं ओझूलाही पुरतं पचलं नसावं.